रॉबर्ट ब्लॉक पटकथेकडे वळला तेव्हा: एक प्रकरण अभ्यास

रॉबर्ट ब्लॉकची गोष्ट बहुतेकांना अशी ठाऊक असते: त्याने ‘सायको’ ही कादंबरी लिहिली, आल्फ्रेड हिचकॉकने तिच्यावर सिनेमा काढला, सिनेमा तुफान चालला आणि मग हॉलिवूडने लेखकाला बोलावणे धाडले. तारखा शेजारीशेजारी मांडल्या की ही गोष्ट टिकत नाही. ब्लॉक हॉलिवूडला पोचला १९५९ च्या उत्तरार्धात. ‘सायको’चे चित्रीकरण सुरू झाले नोव्हेंबर १९५९ मध्ये आणि सिनेमा न्यूयॉर्कमध्ये लागला १६ जून १९६० रोजी. तो लागला तेव्हा ब्लॉकला हॉलिवूडमध्ये येऊन बरेच महिने झाले होते. आल्या आल्या त्याला मिळालेले काम होते दूरचित्रवाणीवरच्या अर्ध्या तासाच्या एका वकिली मालिकेचे. ‘सायको’ची पटकथा जोसेफ स्टेफानोची. तिच्यात ब्लॉकचा हात कुठेच नव्हता.

म्हणून या प्रकरणाकडे ‘एका गाजलेल्या कादंबरीने नशीब उघडले’ अशा नजरेने पाहू नये. बेचाळीस वर्षांचा, पंचवीस वर्षे भयकथा आणि गुन्हेकथा लिहून हात बसलेला माणूस एका वेगळ्या धंद्यात शिरतो. तिथे त्याची कोणती हत्यारे चालतात, कोणती बोथट ठरतात आणि पैसा नेमका कुठल्या भोकातून गळतो, हे इथे पाहायचे आहे.

जमाखर्च: १९३४ ते १९५९

ब्लॉकचा जन्म शिकागोचा, ५ एप्रिल १९१७ चा. वाढला मिलवॉकीत. ‘वीअर्ड टेल्स’ या पल्प, म्हणजे स्वस्त कागदावर छापलेल्या सनसनाटी कथांच्या, मासिकाचा तो लहानपणापासूनचा वाचक. त्यात लिहिणाऱ्या एच. पी. लव्हक्राफ्ट या भयकथाकाराला त्याने १९३३ मध्ये पत्र लिहिले. लव्हक्राफ्टने उत्तर दिले आणि वर ‘तू स्वतः लिहून बघ’ असेही सुचवले. सतराव्या वर्षी ब्लॉकची कथा त्याच मासिकाने घेतली. पुढे त्याने एका कथेत लव्हक्राफ्टसारख्या दिसणाऱ्या पात्राचा बळी दिला. लव्हक्राफ्टने त्याची परतफेड ‘रॉबर्ट ब्लेक’ नावाचे पात्र मारून केली. हा खेळ चाहते आजही चवीने सांगतात. पण धंद्याच्या दृष्टीने महत्त्वाचा आकडा दुसराच आहे: शब्दाला साधारण एक सेंट. पाच हजार शब्दांची कथा म्हणजे पन्नास डॉलर, आणि तीही संपादकाने घेतली तर.

एवढ्यावर घर चालत नाही. १९४२ पासून पुढची अकरा वर्षे ब्लॉक मिलवॉकीतल्या एका जाहिरात संस्थेत मजकूर लिहीत होता. त्याआधी, १९४० च्या महापौर निवडणुकीत, त्याने आणि एका मित्राने कार्ल झाइडलर या तरुण उमेदवाराची भाषणे लिहिली आणि झाइडलरने चोवीस वर्षे खुर्चीवर बसलेल्या डॅनियल होनला हरवले. हे तपशील चरित्रकार गंमत म्हणून देतात. पण भाषण हे दुसऱ्याच्या तोंडात बसवायचे लेखन असते. ते एकदाच ऐकू येते, श्रोत्याला मागे जाऊन वाक्य पुन्हा वाचता येत नाही. पल्प मासिकांतल्या विशेषणांच्या पुरात वाढलेल्या लेखकाला यापेक्षा कडक तालीम मिळाली नसती.

पटकथेची खरी पूर्वतयारी मात्र १९४५ ची. ‘स्टे ट्यून्ड फॉर टेरर’ या रेडिओ मालिकेसाठी ब्लॉकने एकोणचाळीस भाग लिहिले, प्रत्येकी पंधरा मिनिटांचे, आणि बरेचसे स्वतःच्याच छापून आलेल्या कथांवरून. पंधरा मिनिटांतून जाहिराती आणि शीर्षकसंगीत वजा केले की बारा-तेरा मिनिटे उरतात. बोलण्याचा वेग मिनिटाला दीडशे शब्द धरला आणि आवाजांसाठी, शांततेसाठी जागा सोडली, तर सोळाशे-सतराशे शब्दांत सगळे उरकायचे. म्हणजे मूळ कथेचा जेमतेम तिसरा हिस्सा. एकोणचाळीस वेळा ही कात्री चालवली की कथेतले काय गेले तरी चालते आणि काय गेले की ती मरते, हे बोटांना कळायला लागते. हॉलिवूडमध्ये तो दाखल झाला तेव्हा त्याच्यापाशी पटकथेचा अनुभव शून्य होता, पण रूपांतराचा होता, तोही स्वतःच्या मजकुरावर निर्दयपणे चालण्याचा.

मग त्याने जागा का बदलली? कारण सरळ आहे, पायाखालची बाजारपेठच सरकली होती. पल्प मासिके एकामागून एक बंद पडत होती. खुद्द ‘वीअर्ड टेल्स’ १९५४ मध्ये बंद झाले. ब्लॉकने भुतेखेते मागे ठेवून मनोविकृत गुन्हेगाराकडे मोर्चा आधीच वळवला होता. १९४७ ची त्याची पहिली कादंबरी ‘द स्कार्फ’ गळा आवळून मारणाऱ्याच्याच तोंडून सांगितलेली आहे. १९५४ या एका वर्षात त्याच्या तीन गुन्हे कादंबऱ्या आल्या. दरम्यान १९५३ मध्ये पत्नीच्या आजारपणामुळे तो जाहिरातीची नोकरी सोडून विस्कॉन्सिनमधल्या वायवीगा या तिच्या गावी राहायला गेला होता. पगार बंद, मासिके बंद, उरली ती स्वस्त पेपरबॅकची एकरकमी बिदागी. अशा माणसाला दूरचित्रवाणी खुणावते त्यात नवल नाही.

साडेनऊ हजार

नोव्हेंबर १९५७ मध्ये वायवीगापासून पन्नास-साठ किलोमीटरवरच्या प्लेनफील्ड गावात एड गीन पकडला गेला. खून, उकरलेली थडगी, कातड्याच्या वस्तू. ब्लॉकने या बातमीतून तपशील फारसे उचलले नाहीत. त्याने उचलला एक प्रश्न: जिथे प्रत्येकाला प्रत्येकाची खबर असते अशा लहान गावात असा माणूस वर्षानुवर्षे कुणाच्या लक्षात न येता राहतो कसा? आईच्या पगड्याखालचा मोटेलवाला त्याने त्या प्रश्नातून रचला. गुन्हेकथा लिहिणाऱ्यांनी हे जरूर पाहावे. वास्तवातली घटना जशीच्या तशी घेतली असती तर कादंबरी बातमीच्या मागेमागे फरफटत गेली असती.

‘सायको’ १९५९ मध्ये सायमन अँड शुस्टरने काढली. त्यानंतर थोड्याच काळात एमसीए या बड्या एजन्सीकडून सिनेमाच्या हक्कांसाठी विचारणा आली, पण कुणासाठी ते सांगितले नव्हते. आधी साडेसात हजार डॉलर. ब्लॉकने आपल्या एजंटाला आणखी ताणायला सांगितले. व्यवहार साडेनऊ हजारांवर ठरला. सह्या झाल्यावर कळले की घेणारा हिचकॉक आहे. ब्लॉकच्या प्रकाशनाच्या करारात सिनेमा झाल्यास लेखकाला वाढीव रक्कम मिळावी असे कलमच नव्हते. उलट हक्कविक्रीतला हिस्सा प्रकाशकाचाही होता, पंधरा टक्के. एजंटचे दहा टक्के. करापूर्वी लेखकाच्या हाती सात हजारांच्या आसपास उरले. सिनेमाच्या नफ्यात वाटा नाही, पुढच्या भागांवर हक्क नाही. सिनेमाचा खर्च आठ लाख डॉलरच्या घरात होता. हिचकॉकने तो स्वतःच्या दूरचित्रवाणी मालिकेची तंत्रज्ञ मंडळी घेऊन काटकसरीत काढला होता.

घोडे पेंड खाते ते इथे. नाव लपवून हक्क विकत घेणे हे बेकायदा नव्हते, आजही नाही. खरेदीदार कोण हे कळले की भाव चढतो, म्हणून तो लपवतात. अशा वेळी लेखकाचा बचाव एकच असतो: रकमेची घासाघीस कमी करून अटींची जास्त करणे. साडेसातचे साडेनऊ करून घेण्यात ब्लॉकने दोन हजार कमावले. त्याऐवजी ‘सिनेमाचा खर्च अमुक रकमेपेक्षा जास्त झाल्यास अधिक इतके’, ‘पुढचा भाग निघाल्यास इतके’ अशी दोन वाक्ये घातली गेली असती तर खरेदीदार हिचकॉक निघो की कुणी फुटकळ निर्माता, लेखक दोन्हीकडून वाचला असता. अर्थात विस्कॉन्सिनच्या खेड्यात बसलेल्या, पैशाची निकड असलेल्या माणसाला हे १९५९ मध्ये सुचायला हवे होते असे म्हणणे सोपे आहे. सुचायला हवे होते ते एजंटला.

मराठी भयकथाकाराकडे आज असा प्रस्ताव आला, आणि आताशा ते येतात, तर आपल्याकडचा कायदा बऱ्याच अंगांनी लेखकाच्या बाजूने झुकलेला आहे. भारतीय स्वामित्वहक्क कायद्यानुसार करारात मुदत लिहिलेली नसेल तर हक्क पाच वर्षांपुरतेच दिले असे धरतात. प्रदेश लिहिलेला नसेल तर ते भारतापुरते. घेणाऱ्याने वर्षभरात हक्क वापरलाच नाही तर, करारात वेगळे म्हटले नसल्यास, तो परत येतो. २०१२ च्या दुरुस्तीने आणखी एक भर घातली: सिनेमात समाविष्ट झालेल्या साहित्याच्या लेखकाला चित्रपटगृहाबाहेरच्या वापरावरचा स्वामित्वधनाचा हिस्सा सोडून देता येत नाही, त्याने लिहून दिले तरी. पण पहिली तीन संरक्षणे करार गप्प असेल तरच कामाला येतात. निर्मात्याचा छापील मसुदा गप्प नसतो. ‘कायमस्वरूपी, जगभर, आज ज्ञात असलेल्या व पुढे निघणाऱ्या सर्व माध्यमांसाठी’ या एका ओळीने तिन्ही संरक्षणांवर पाणी पडते. ती ओळ शोधायची आणि तिथे आकडे घालायचे: किती वर्षे, कोणती भाषा, एक सिनेमा की मालिका, पुढचे भाग धरून की सोडून. बाकीची पंधरा पाने त्यानंतर वाचली तरी चालतात.

दार मागचे होते

ब्लॉकला हॉलिवूडमध्ये आणले ते सॅम्युअल पीपल्स या लेखकमित्राने. त्याने एजंट गाठून दिला आणि ‘लॉक-अप’ या मालिकेचे काम मिळाले. निर्दोष आरोपींना सोडवणारा वकील, अर्धा तास, मध्ये जाहिराती. भूत नाही, वेडा खुनी नाही. तरीही हे काम मोलाचे होते, कारण त्यातून ब्लॉकच्या नावावर पटकथाकार म्हणून पहिले श्रेय जमा झाले. कादंबरीकाराला निर्माते कथेसाठी बोलावतात. पटकथेसाठी बोलावतात ते ज्याने ठरल्या दिवशी ठरल्या पानांची पटकथा आणून दिली आहे त्याला. रहस्यकथेचे बांधकाम त्याला येतच होते. वकिली मालिकेत त्याने शिकायच्या राहिल्या होत्या त्या दोन गोष्टी: जाहिरातीच्या आधी प्रेक्षक उठून जाणार नाही असे दृश्य कुठे ठेवायचे, आणि उपलब्ध चार-पाच सेटवरच गोष्ट कशी भागवायची.

आणि मग काम थांबले. १६ जानेवारी १९६० ला अमेरिकन पटकथाकारांच्या संघटनेने, म्हणजे गिल्डने, संप पुकारला. तो चालला १२ जूनपर्यंत, जवळजवळ पाच महिने. नुकतेच बिऱ्हाड हलवलेल्या, शिल्लक बेताची असलेल्या माणसासाठी याहून वाईट मुहूर्त नव्हता. पण पुढच्या पस्तीस वर्षांचा हिशेब पाहता हा संप ब्लॉकसारख्यांच्या पथ्यावर पडला. निवृत्तिवेतन आणि आरोग्यनिधी त्यातूनच उभे राहिले आणि लिहिलेले काम पुन्हा दाखवले गेले की लेखकाला पुन्हा पैसे देण्याची व्यवस्था पक्की झाली. पल्प मासिकात कथा एकदा विकली की संपली. इथे जुना भाग पुन्हा लागला की धनादेश येणार होता.

संप मिटल्यावर चार दिवसांनी ‘सायको’ लागला. आता मात्र नावाचा उपयोग झाला. हिचकॉकच्या अर्ध्या तासाच्या मालिकेसाठी आणि पुढे तिच्या तासाभराच्या अवतारासाठी ब्लॉकने दहापेक्षा जास्त पटकथा लिहिल्या. स्वतःच्या कथांवरून लिहिल्याच, शिवाय रोआल्ड डालच्या आणि पॅट्रिशिया हायस्मिथच्या साहित्यावरूनही लिहिल्या. त्या मालिकेचा १९६५ मधला अगदी शेवटचा भाग, ‘ऑफ सीझन’, ब्लॉकच्या पटकथेवरचा. तो दिग्दर्शित केला होता विल्यम फ्रीडकिन नावाच्या नवख्याने, ज्याने पुढे १९७३ मध्ये ‘द एक्सॉर्सिस्ट’ काढला. बोरिस कार्लॉफ सूत्रसंचालक असलेल्या ‘थ्रिलर’ या तासाभराच्या मालिकेतही ब्लॉकच्या कथा भरपूर वापरल्या गेल्या, काही त्याच्या पटकथेतून, काही इतरांच्या.

‘मी’ पडद्यावर लपत नाही

ब्लॉकचे सर्वात धारदार हत्यार होते दृष्टिकोनाची लपवाछपवी. वाचकाला सगळे एका डोक्याच्या आतून दाखवायचे आणि ते डोकेच बिघडलेले आहे हे शेवटापर्यंत कळू द्यायचे नाही. हे हत्यार पडद्यावर कसे निकामी होते, हे त्याच्या दोन गोष्टींत स्वच्छ दिसते.

पहिली, १९४३ मधली ‘युवर्स ट्रूली, जॅक द रिपर’. एक इंग्रज गृहस्थ शिकागोतल्या मानसोपचारतज्ज्ञाकडे येतो. एकोणिसाव्या शतकात लंडनमध्ये बायकांचे खून करून कधीच न सापडलेला रिपर अजून जिवंत आहे, बळी देऊन तरुण राहिला आहे, असा त्याचा दावा. गोष्ट सांगतो तो मानसोपचारतज्ज्ञ, ‘मी’ म्हणून. शेवटच्या ओळीत कळते की रिपर म्हणजे हा ‘मी’च. कागदावर हे जमते कारण वाचक निवेदकाला पात्र धरत नाही, त्याला तो खिडकी समजतो आणि खिडकीवर कुणी संशय घेत नाही. रेडिओवरही निभावते, तिथे निवेदक हा नुसता आवाज असतो. कॅमेऱ्यासमोर मात्र त्या ‘मी’ला चेहरा येतो, कपडे येतात, आणि तो इतर चार संशयितांच्या रांगेत येऊन उभा राहतो. ‘थ्रिलर’साठी बारे लिंडनने १९६१ मध्ये केलेल्या रूपांतरापुढे हीच अडचण होती. ब्लॉकने स्वतः १९६७ मध्ये ‘स्टार ट्रेक’च्या ‘वुल्फ इन द फोल्ड’ या भागात तीच कल्पना पुन्हा घेतली तेव्हा त्याने निवेदकाचा नादच सोडला. त्यात रिपर ही भीतीवर जगणारी, एका शरीरातून दुसऱ्यात शिरणारी शक्ती आहे. ‘कोण?’ हा प्रश्न मग दर पाच मिनिटांनी नव्याने विचारता येतो. गोष्टीतली एकुलती एक कलाटणी मोडून तिचे अनेक छोटे धक्के केले, आणि ते जाहिरातींच्या मधल्या तुकड्यांत चपखल बसतात.

दुसरी ‘सायको’ स्वतः. कादंबरी उघडते ती नॉर्मन बेट्स या मोटेलवाल्यावर. हा नॉर्मन चाळिशीचा, स्थूल, चष्मेवाला, दारू पिणारा. त्याची आईशी खडाजंगी चालते आणि आईची वाक्ये अवतरणचिन्हांत, इतर कुणाच्याही वाक्यांसारखी छापलेली आहेत. प्रत्यक्षात आई केव्हाच मेलेली आहे, तिचे बोलणे आणि तिच्या नावावरचे खून नॉर्मनचेच. फसवणूक ती एवढीच. वाचक अवतरणचिन्हांवर विश्वास ठेवतो. पडद्यावर आईला दाखवावे तर फसते, न दाखवावे तर प्रेक्षक विचारतो की का दाखवत नाही. स्टेफानो आणि हिचकॉकने तीन गोष्टी केल्या. सुरुवात नॉर्मनकडून काढून पैसे चोरणाऱ्या तरुणीकडे दिली. कादंबरीत ती तिसऱ्या प्रकरणाअखेर मरते, सिनेमात पाऊण तास आपण तिच्याच सोबत असतो, त्यामुळे नॉर्मनच्या घराकडे बारकाईने पाहायला वेळच मिळत नाही. नॉर्मनला देखणा, बुजरा तरुण केले. आणि आई जिथे दाखवावीच लागली तिथे सावली वापरली किंवा कॅमेरा थेट डोक्यावर नेला, तेही पात्राच्या हालचालीबरोबर, म्हणजे लपवाछपवी वाटू नये. सिनेमाला ऑस्करची चार नामांकने मिळाली, पटकथेला मिळाले नाही. रूपांतरातले हे कष्ट तेव्हा कुणाला दिसलेच नाहीत असे म्हणायला हरकत नाही.

ब्लॉकने यातून काय उचलले ते १९६४ च्या ‘स्ट्रेट-जॅकेट’मध्ये दिसते. ही पटकथा मूळचीच त्याची. नवऱ्याचा आणि त्याच्या प्रेयसीचा कुऱ्हाडीने खून करणारी बाई वीस वर्षांनी सुटून येते आणि आसपास मुंडकी उडू लागतात. खून करते तिची मुलगी, आईच्या चेहऱ्याचा मुखवटा घालून. ‘सायको’त जे काम अवतरणचिन्हे करत होती ते इथे एका वस्तूकडे आले. मुखवटा दाखवता येतो, काढता येतो, शेवटी जमिनीवर पडलेला दिसतो. कल्पना म्हणून हे ‘सायको’पेक्षा बाळबोध आहे. पटकथा म्हणून मात्र जास्त प्रामाणिक आहे, कारण कलाटणी प्रेक्षकाच्या डोळ्यांसमोर घडते. ‘सायको’च्या शेवटासारखा मानसोपचारतज्ज्ञ उभा करून चार मिनिटे समजावून सांगावे लागत नाही.

ज्या कथांत मुळातच एखादी वस्तू हातोहात फिरते त्या पडद्यावर विनासायास गेल्या. ‘द चीटर्स’ या कथेतला चष्मा घातला की समोरच्याच्या मनातले कळते. तो एकेका मालकाकडे जातो आणि एकेकाचा घात होतो. डोनाल्ड सॅनफोर्डने ‘थ्रिलर’साठी केलेले तिचे रूपांतर या मालिकेच्या उत्तम भागांत गणले जाते. त्यात नवल नाही, कथेचेच अंक पाडलेले होते.

कात्री कुणाकुणाच्या हातात

कथेचा मजकूर संपादक कापतो. पटकथेचा कोण कोण कापतो याची ब्लॉकच्या कामात मोठीच यादी सापडते.

प्रायोजक. ‘द सॉर्सरर्स अप्रेंटिस’ ही जादूगाराच्या नादी लागलेल्या, बुद्धीने अर्धवट पोराची गोष्ट. बाईला करवतीने कापून पुन्हा जोडायचा खेळ त्याला खरा वाटतो, आणि तो करवत हाती घेतो. १९४९ मध्ये ही कथा छापताना कुणाला काही वाटले नव्हते. हिचकॉकच्या मालिकेसाठी ब्लॉकनेच पटकथा लिहिली, भाग चित्रित झाला, आणि शेवट फार भयंकर आहे म्हणून प्रायोजकाने हरकत घेतली. मूळ प्रसारणात तो दाखवलाच गेला नाही. पडद्यावर रक्ताचा थेंब नव्हता. वाचक घाबरतो तो शेवटच्या ओळीने. प्रायोजक घाबरला तो त्या ओळीनंतर लगेच लागणार होती त्या आपल्या जाहिरातीने.

नटी. ‘स्ट्रेट-जॅकेट’ला जोन क्रॉफर्ड आली ती जोन ब्लाँडेल जखमी झाल्यामुळे. क्रॉफर्डने भूमिका आपल्या मापाने बदलून घेतली, एवढेच नव्हे तर डॉक्टरच्या भूमिकेत पेप्सी कंपनीचा एक उच्चाधिकारी दिसतो तोही तिच्यामुळे. ती त्या कंपनीच्या संचालक मंडळावर होती. निर्माता-दिग्दर्शक विल्यम कॅसलने प्रेक्षकांना पुठ्ठ्याच्या कुऱ्हाडी वाटल्या. इतक्या गदारोळातही पटकथेचा कणा मोडला नाही याचे श्रेय ब्लॉकला द्यायला हवे. नटीच्या मागण्या दृश्यांपुरत्या होत्या. मुखवट्याची रचना त्याने हलू दिली नाही.

मालिकेचा कर्ता. ‘स्टार ट्रेक’च्या ‘व्हॉट आर लिटल गर्ल्स मेड ऑफ?’ या १९६६ च्या भागाचे पुनर्लेखन जीन रॉडनबेरी चित्रीकरण चालू असतानाही करत होता. श्रेय ब्लॉकचेच राहिले. १९६२ च्या ‘द कॅबिनेट ऑफ कॅलिगारी’च्या वेळी दिग्दर्शकाशी श्रेयावरून झगडा झाला, तिथेही पडद्यावर नाव ब्लॉकचेच लागले. गिल्डचे सभासदत्व लागते ते इथे. करार कितीही गोड असो, श्रेयाचा निवाडा करणारी त्रयस्थ संस्था असेल तरच तो टिकतो.

आणि दिग्दर्शक. अ‍ॅमिकस या ब्रिटिश कंपनीसाठी लिहिलेला ‘द डेडली बीज’. ब्लॉकने तो बोरिस कार्लॉफ आणि ख्रिस्तोफर ली यांना डोळ्यांसमोर ठेवून लिहिला होता. दोघेही मिळाले नाहीत, पटकथा दुसऱ्या लेखकाकरवी बदलली गेली, आणि जे उरले ते मधमाश्यांनीही सोडून द्यावे असे. विशिष्ट नटांसाठी लिहिण्याचा हा धोका. नट बदलला की संवादांचा तोल जातो, आणि तोल गेलेला मजकूर दिसला की पुनर्लेखनाला निमित्त मिळते.

जुन्या कोठाराची किल्ली

या सगळ्यात ब्लॉकने एक गोष्ट नेमकी ओळखली: पल्पच्या काळात लिहिलेल्या शेकडो कथा हा त्याचा खरा ठेवा होता. पडद्याला कल्पना लागतात, आणि त्याच्याकडे त्या छापून, वाचकांवर पारखून ठेवलेल्या होत्या. ‘द विअर्ड टेलर’ ही १९५० ची कथा १९६१ मध्ये ‘थ्रिलर’चा भाग झाली आणि १९७२ मध्ये अ‍ॅमिकसच्या ‘असायलम’चा तुकडा. १९३९ ची ‘वॅक्सवर्क्स’ १९६२ मध्ये ‘थ्रिलर’मध्ये आणि १९७१ मध्ये ‘द हाउस दॅट ड्रिप्ड ब्लड’मध्ये. एक कथा, तीन वेळा मोबदला. पहिला शब्दाला सेंटभर, नंतरचे दोन गिल्डच्या आणि निर्मात्याच्या दराने.

अ‍ॅमिकसच्या कथागुच्छ सिनेमांत ब्लॉकची सगळी तालीम एकत्र आली. दीड तासाच्या सिनेमात चार कथा आणि त्यांना बांधणारी एक चौकट. चौकटीला दहाएक मिनिटे दिली तर प्रत्येक कथेच्या वाट्याला वीस मिनिटे येतात. रेडिओच्या पंधरा आणि दूरचित्रवाणीच्या पंचवीस मिनिटांच्या मधले हे माप त्याला तोंडपाठ होते. अवघड असते ती चौकट. ‘टॉर्चर गार्डन’मध्ये जत्रेतला खेळवाला एकेकाला भविष्य दाखवतो, म्हणजे कथा नुसत्या ओळीने येतात. ‘असायलम’ची चौकट मात्र स्वतःच एक कोडे आहे. मनोरुग्णालयात नोकरीला आलेल्या तरुण डॉक्टरला सांगतात की इथला पूर्वीचा प्रमुख वेडा होऊन याच रुग्णांत आहे, प्रत्येकाची हकिगत ऐक आणि ओळख तो कोणता. त्या एका अटीने सुट्या चार कथांवर प्रेक्षक संशयाने कान देऊ लागतो. कथासंग्रहावरून वेबमालिका करू पाहणाऱ्यांनी ‘असायलम’ची पहिली दहा मिनिटे घड्याळ लावून पाहावीत.

सत्तरच्या दशकात तासाभराच्या स्वतंत्र कथांच्या मालिका आटल्या आणि ब्लॉकचे पडद्यावरचे काम तुरळक झाले. १९७३ चा ‘द कॅट क्रीचर’ आणि १९७५ चा ‘द डेड डोन्ट डाय’ हे दोन दूरचित्रवाणीपट त्या काळातले. तो पुन्हा कादंबरीकडे वळला, आणि १९८२ मध्ये ‘सायको २’ प्रसिद्ध केली. तिच्यात नॉर्मन मनोरुग्णालयातून पळतो आणि हॉलिवूडमध्ये त्याच्याच आयुष्यावर सिनेमा बनत असतो. रक्तपाताच्या सिनेमांवर केलेली ती तिरकस टीका आहे, आणि युनिव्हर्सल स्टुडिओला ती मुळीच रुचली नाही. रुचायची गरजही नव्हती. स्टुडिओने टॉम हॉलंडकडून वेगळीच पटकथा लिहवून घेतली, ज्यात नॉर्मनला बावीस वर्षांनी रीतसर सोडले जाते, आणि १९८३ मध्ये त्याच नावाचा सिनेमा काढला. नॉर्मन बेट्सला जन्म देणाऱ्याची संमती त्यासाठी लागली नाही. साडेनऊ हजारांच्या त्या कागदावर सह्या होऊन तेव्हा चोवीस वर्षे होत आली होती.